तिसऱ्यांदा हाताने नको

नमस्कार मंडळी. पत्रिकेवर विषय छापलाय 'कोड आणि मजकूर: एडिटरमध्ये झटपट काम कसं करावं'. एडिटर म्हणजे संगणकावर मजकूर लिहायचा-दुरुस्त करायचा प्रोग्रॅम. पाच सवयी सांगेन असा शब्द मी आयोजकांना दिलाय आणि तो पाळणार आहे. पण त्याआधी एका तलाठ्याची गोष्ट सांगू द्या. ती घडली नसती तर या विषयावर बोलावं असं मला कधी वाटलंच नसतं.

मघाशी हात वर करायला सांगितले तेव्हा निम्मे हात प्रोग्रॅमर मंडळींचे होते. उरलेल्यांत डीटीपी करणारे, मुद्रितशोधक, तिकडे मागे दोघी-तिघी भाषांतरकार. ही दोन घराणी एका खोलीत बसलेली पाहिली की मला फार बरं वाटतं. दोघांचं दिवसभराचं काम एकच आहे, अक्षरं इकडची तिकडे करणं. आणि दोघंही एकमेकांकडून काही शिकत नाहीत, ही माझी जुनी तक्रार आहे.

मी पोटापाण्यासाठी प्रोग्रॅम लिहितो. पण भाद्रपद लागला की संध्याकाळी एका दिवाळी अंकाच्या कामाला जातो, गेली बरीच वर्षं. फायली नीट लावणं, शुद्धलेखनाचा हात फिरवणं, पानं जुळवणं. तर एका वर्षी आमच्याकडे एक लांबलचक कथा आली. तिच्यात एक तलाठी होता, आडनाव गोऱ्हे. गावातल्या जमिनीच्या भानगडी, सातबाऱ्यावरच्या नोंदी, आणि त्यात हा माणूस बराच काळाकुट्ट रंगवलेला. अंक छापायला जायच्या दहा दिवस आधी लेखकांचा फोन आला. म्हणाले, "अहो, आमच्या गावात खरंच गोऱ्हे नावाचे तलाठी होऊन गेलेत. भला माणूस होता. मला आठवणच नव्हती. त्यांची सून अजून तिथेच राहते. नाव बदला, पेंढारकर करा."

म्हटलं करतो. त्यात काय!

आता ज्यांनी मराठीत आडनाव बदललंय त्यांना ठाऊक असेल, हे काम इंग्रजीइतकं सरळ नसतं. गोऱ्हे आहे, गोऱ्हेंनी आहे, पण गोऱ्ह्यांच्या घरी आहे, गोऱ्ह्यांकडे आहे. सामान्यरूप झालं की मूळ शब्द जागेवर राहत नाही. त्या कथेत मागून शिव्या घालणारा एक गडी होता, तो त्याला 'गोऱ्ह्या' म्हणायचा. त्याचं काय करायचं? 'पेंढारकऱ्या' करायला हवं, आणि ते एडिटरला आपणहून कळणार नाही. मी आणि आमच्या मुद्रितशोधक बाई, आम्ही दोघांनी कागदावर सगळी रूपं मांडली. एकेक रूप शोधलं आणि प्रत्येक ठिकाणी विचारून बदललं. एकूण ६१ जागा. मग पुन्हा 'गोऱ्हे' शोधून पाहिलं, शून्य. 'गोऱ्ह्यां' शोधलं, शून्य. निर्धास्त होऊन फाइल छापखान्यात पाठवली.

भाऊबीजेच्या दुसऱ्या दिवशी एका वाचकाचा फोन. "कथेत पेंढारकर चांगले चालले होते, शेवटी हे गोऱ्हे कुठून उपटले?"

सात जागा. छापलेल्या अंकात सात जागी गोऱ्हे तसेच्या तसे. अंक काही परत बोलावता येत नाही. लेखक स्वतः त्या घरी गेले, त्या बाईंपुढे बसले, काय झालं ते सांगितलं. त्या काही वाईट बोलल्या नाहीत. लेखक परत येऊन मला म्हणाले, "त्या बोलल्या असत्या तर बरं झालं असतं." ते वाक्य मी विसरलेलो नाही.

आम्ही फाइल पुन्हा उघडली. डोळ्यांसमोर पडद्यावर 'गोऱ्हे' दिसतंय. शोध-खिडकीत 'गोऱ्हे' टाइप केलं, सापडलं नाही. समोर दिसणारा शब्द आणि एडिटर म्हणतो नाही! मग बाईंनी तो शब्द पानावरूनच उचलला, कॉपी करून खिडकीत टाकला. सात सापडले. नेमके सात.

आता पडद्यावर बघा. दोन शब्द शेजारी ठेवलेत, 'गोऱ्हे' आणि 'गोर्‍हे'. मागच्या रांगेतूनही सांगा, फरक दिसतो का? नाही ना? मलाही दिसला नव्हता. म्हणून एडिटरलाच विचारलं की या जागी कुठली कुठली अक्षरं आहेत, त्यांचे युनिकोड क्रमांक, म्हणजे संगणकासाठी प्रत्येक अक्षराला दिलेले ठरावीक क्रमांक, दाखव. व्हिम नावाच्या एडिटरमध्ये अक्षरावर उभं राहून आधी जी आणि मग ए दाबलं की क्रमांक मिळतो. पहिल्या शब्दात ०९३१, म्हणजे ऱ, मग ०९४डी, म्हणजे पाय मोडणारं हलन्ताचं चिन्ह, मग ०९३९, म्हणजे ह. दुसऱ्या शब्दात ०९३०, आपला साधा र, मग तेच हलन्त, मग २००डी, आणि मग ह. हे २००डी म्हणजे 'झीरो विड्थ जॉइनर'. रुंदी शून्य, दिसत नाही, पण फाइलीत ठाण मांडून बसलेलं असतं. दोन्ही वाटांनी तोच चंद्रकोरीसारखा आडवा र उमटतो, आणि यंत्राच्या लेखी हे दोन वेगळे शब्द.

कथेचा पहिला भाग इन्स्क्रिप्ट कीबोर्डवर टाइप झालेला होता. तिथे शिफ्ट धरून जे दाबलं की सरळ ऱ येतो. शेवटची काही पानं लेखकांनी नंतर फोनवर लिहून पाठवली होती, तिथून तो अदृश्य पाहुणा आला. दोन्ही रीती युनिकोडला मान्य आहेत. दुसरी रीत त्याच्या २.० आवृत्तीशी मेळ राहावा म्हणून ठेवलेली आहे. आणि प्रोग्रॅमर मंडळींनो, नॉर्मलायझेशन, म्हणजे एकाच अक्षराची वेगवेगळी रूपं यंत्राकडून एकसारखी करून घेणं, केलं की सुटेल असं तुमच्या मनात आलं असेल, तर सुटत नाही. साधा र आणि त्याखाली नुक्ता, म्हणजे टिंब, हे ऱ शी समान धरलं जातं, पण हलन्तानंतर जॉइनर घातलेलं रूप धरलं जात नाही. ते आपल्यालाच समान करून घ्यावं लागतं.

विचार करा, किती शब्दांत हा ऱ आहे! दुसऱ्या, तिसऱ्या, वाऱ्यावर, शेतकऱ्यांना, अधिकाऱ्यांनी, कुऱ्हाड, ऱ्हास. 'शेतकऱ्यांना' शोधून 'इतके उल्लेख मिळाले' असं जेव्हा कुणी सांगतं, तेव्हा मी आधी विचारतो, दोन्ही रूपं शोधलीत का? मराठी मजकुरावर काम करणाऱ्या प्रत्येकाला पहिल्याच दिवशी हे सांगायला हवं. मला कुणी सांगितलं नव्हतं. मी सांगतोय, जितक्या खोल्यांत मला बोलावतील तितक्या खोल्यांत सांगणार.

आता मूळ मुद्दा. कुणी म्हणेल, "बघा, हाताने एकेक ओळ वाचत गेला असता तर ते सात दिसले असते." खरं आहे, ते सात दिसले असते आणि दुसरे तीन निसटले असते. चाळीस पानं डोळ्यांनी चाळणाऱ्याचं लक्ष कुठे ना कुठे उडतंच. माझं म्हणणं वेगळं आहे. एडिटरमध्ये झटपट काम करणं म्हणजे बोटं भराभर चालवणं नव्हे. हातांनी करायचं सोडून तोंडाने सांगायला शिकणं, हे ते काम. आणि सांगायचं तर आपण काय सांगतोय हे नेमकं माहीत हवं. त्या दिवशी आम्ही 'गोऱ्हे बदल' असं सांगितलं. 'गोऱ्हे कुठल्याही वाटेने लिहिलेला असो, बदल' हे सांगायला हवं होतं.

तेव्हापासून माझा नेम आहे. एखादी दुरुस्ती पहिल्यांदा हाताने करतो, समजून घ्यायला. दुसऱ्यांदाही हाताने करतो, कारण दुसऱ्या वेळेला तिच्यातला नमुना दिसतो. तिसऱ्यांदा तीच वेळ आली की कीबोर्डवरून हात काढतो आणि हे एडिटरला कसं सांगायचं ते शोधतो. त्यात वीस मिनिटं गेली तरी चालतील.

हे 'सांगणं' आलं कुठून तेही बघा. मला हा इतिहास फार जवळचा वाटतो. १९६९ साली बेल लॅब्जमध्ये केन टॉम्पसन यांनी 'एड' नावाचा एडिटर लिहिला. तेव्हा पडदा नव्हता. टेलिटाइप नावाचं यंत्र होतं, ते खडखडत कागदावर छापायचं. मजकूर बघायचा तर तो छापून घ्यावा लागे. त्यामुळे दर अक्षराला किंमत होती आणि हुकूम एकाक्षरी झाले. पी म्हणजे छाप. एस म्हणजे बदल. जी म्हणजे सगळीकडे. 'सगळीकडे हा नमुना शोध आणि छाप' हा हुकूम जी, मग दोन तिरप्या रेघांच्या मधे नमुना, मग पी असा लिहीत. नमुना म्हणजे रेग्युलर एक्स्प्रेशन, आर-ई. जी, आर-ई, पी. प्रोग्रॅमर मंडळी मजकूर शोधायला रोज 'ग्रेप' चालवतात, त्याचं नाव इथून आलं.

पुढे १९७६ च्या सुमारास बर्कलीत बिल जॉय यांनी 'व्हीआय' लिहिला. ते घरून ३०० बॉडच्या मोडेमवर काम करत. हिशोब करून बघा. सेकंदाला साधारण तीस अक्षरं. पडद्यावर ८० अक्षरांच्या २४ ओळी धरल्या तर १,९२० अक्षरं, म्हणजे पडदा एकदा पूर्ण भरायला मिनिटाच्या वर वेळ! अशा माणसाला 'पुढचे दोन शब्द पूस' हे दोन-तीन अक्षरांत सांगता येणं ही चैन नव्हती, गरज होती. त्यांच्या एडीएम-३ए टर्मिनलवर एच, जे, के, एल या चार कळांवर बाण छापलेले होते, म्हणून आजही व्हिममध्ये, म्हणजे व्हीआयच्या सुधारलेल्या अवतारात, त्याच कळांनी फिरतात. व्हिम पुढे १९९१ साली ब्रॅम मोलेनार यांनी आणला. तो नुसता उघडलात तर पडद्यावर युगांडातल्या गरीब मुलांना मदत करा असं आवाहन दिसतं. फुकट वाटलेल्या कामाच्या दारात त्या माणसाने ही एक पाटी लावली आणि २०२३ च्या ऑगस्टमध्ये जाईपर्यंत ती काढली नाही. मला ती ओळ रोज दिसते, आणि रोज चांगलं वाटतं.

दुसरी बाजूही सांगायला हवी. झेरॉक्सच्या पार्क प्रयोगशाळेत लॅरी टेस्लर होते. कट, कॉपी, पेस्ट ज्यांच्यामुळे आपल्या हातात आलं ते. एडिटरमध्ये 'लिहायची अवस्था' आणि 'हुकमाची अवस्था' अशा दोन अवस्था असणं त्यांना अजिबात मान्य नव्हतं. गाडीच्या नंबरप्लेटवरसुद्धा 'नो मोड्स' लिहून घेतलं होतं त्यांनी. नवशिक्याच्या बाजूने त्यांचं बरोबर होतं. पण दिवसाचे आठ तास मजकुरात घालवणारा नवशिका किती दिवस राहतो? माझा कौल व्हीआयला आहे, कारण त्याने आणि पुढे व्हिमने हुकमांना व्याकरण दिलं. डी म्हणजे पूस, सी म्हणजे बदल, वाय म्हणजे उचल. ही क्रियापदं. डब्ल्यू म्हणजे शब्द, पी म्हणजे परिच्छेद, अवतरणचिन्ह म्हणजे अवतरणातला मजकूर. ही कर्मं. मधे आय घातला की 'आतला'. सी-आय-अवतरण म्हणजे 'बदल, आतला, अवतरणाचा'. दहा क्रियापदं आणि दहा कर्मं शिकलात की शंभर वाक्यं येतात. पाठ कुठलंच करावं लागत नाही.

यात एक गंमत आहे. 'पूस शब्द' हा क्रम इंग्रजीचा. मराठीत क्रियापद शेवटी. 'शब्द पूस'. आणि 'काकून' किंवा 'हीलिक्स' हे नवे एडिटर घ्या, त्यांत आधी शब्द निवडायचा आणि मग काय करायचं ते सांगायचं. आधी कर्म, मग क्रियापद. मी हीलिक्स पहिल्यांदा उघडला तेव्हा माझ्या मनात आलं, अरे, हा तर मराठीत बोलतोय! (हशा) हसू नका, यात खरा फायदा आहे. कर्म आधी निवडलं की ते पडद्यावर रंगून दिसतं. चुकलं असेल तर क्रियापद उच्चारायच्या आधीच कळतं. ज्यांना व्हिम कधी जमला नाही त्यांनी हा करून बघावा.

चिठ्ठी आली. नऊ मिनिटं. बरं, पाच सवयी. वेगाने घेतो.

पहिली, फिरायचं नाही, नाव घेऊन जायचं. माउसचं चाक फिरवत फाइलभर हिंडण्यात जितका वेळ जातो तितका टाइप करण्यात जात नाही. व्हीएस कोड या एडिटरमध्ये कंट्रोल-पी दाबा, फाइलच्या नावातली चार अक्षरं द्या, पोचलात. एफ-१२ दाबलं की फंक्शन जिथे लिहिलंय तिथे. फक्त बघायला गेलात तरी परत यायची कळ आधी शिकून ठेवा, नाहीतर माणूस जायलाच बिचकतो.

दुसरी, कोडमध्ये नाव बदलायला शोध-बदल वापरू नका, एफ-२ वापरा. शोध-बदल अक्षरं बघतो, एफ-२ अर्थ बघतो. 'अकाउंट'च्या पोटात 'काउंट' बसलाय हे शोध-बदलाला कळत नाही. २०१६ पासून लँग्वेज सर्व्हर प्रोटोकॉल, म्हणजे कोडचा अर्थ कुठल्याही एडिटरला सांगायची सामाईक रीत, आहे, त्यामुळे ही सोय आता एका एडिटरची मिरास राहिलेली नाही, व्हिम आणि ईमॅक्स या एडिटरांमध्येही मिळते. मराठी आडनावासाठी, सामान्यरूपासकट नाव बदलून देणारी एफ-२ मात्र माझ्या पाहण्यात तरी कुणी केलेली नाही. समोर बसलेल्या तरुण मंडळींनो, हे काम तुमच्यासाठी पडलंय. हात जोडून सांगतो, कराच.

तिसरी, एकसारखं काम पाच-दहा जागी असेल तर अनेक कर्सर. व्हीएस कोडमध्ये शब्दावर उभं राहून कंट्रोल-डी, पुन्हा कंट्रोल-डी, तीन-चार जागा एकदम निवडल्या, एकदा टाइप केलं. पन्नास जागा असतील तर मॅक्रो. व्हिममध्ये क्यू दाबून ध्वनिमुद्रण करावं तसं आपलं कळांचं काम नोंदवायचं आणि पुन्हा वाजवायचं. युक्ती एकच, नोंद सुरू करताना ओळीच्या आरंभी जा आणि संपवताना पुढच्या ओळीच्या आरंभी या. म्हणजे ते साखळीसारखं आपोआप पुढे सरकतं.

चौथी, नमुना लिहायला शिका. इथे जरा थांबतो, कारण ही डीटीपीवाल्यांच्या कामाची. जुन्या फॉन्टमधून युनिकोडमध्ये आणलेल्या मजकुरात 'परिसि्थती' पाहिलंय ना? सगळ्यांनी पाहिलंय. जुन्या फॉन्टमध्ये पहिली वेलांटी आधी टाइप होते, कारण ती आधी दिसते. युनिकोडमध्ये ती व्यंजनानंतर साठवतात. कच्चं रूपांतर तिला एकाच अक्षरापलीकडे नेतं, जोडाक्षर ओलांडत नाही. उपाय एका ओळीचा. शोधायचं काय, तर वेलांटी, लगेच हलन्त, लगेच क ते ह मधलं कुठलंही एक अक्षर, आणि ते अक्षर कंसात घालून लक्षात ठेवायचं. जागी ठेवायचं हलन्त, लक्षात ठेवलेलं अक्षर, वेलांटी. 'क ते ह' यात आपला ळ येतो का? येतो. वर्णमालेत तो ह नंतर असला तरी युनिकोडमध्ये ल आणि व यांच्या मधे बसलाय. आणि ही दुरुस्ती एकदा चालवून थांबू नका. 'सि्त्रया' एका फेरीत 'स्ति्रया' होतो, दुसऱ्या फेरीत 'स्त्रिया'. शून्य येईपर्यंत चालवा. वेलांटीनंतर हलन्त मराठीत कधीच येत नाही, म्हणून ही दुरुस्ती बिनधास्त सगळीकडे करा.

उलट विसर्गाचं. 'दु:ख' मध्ये लोक विसर्गाऐवजी अपूर्णविराम टाइप करतात. सगळे अपूर्णविराम एकदम बदललेत तर '१०:३०' चं काय होईल? नाटकातल्या 'आई:' चं काय होईल? दोन्ही बाजूंना मराठी अक्षरं असतील तिथे बदला. शब्दाच्या शेवटी असेल, 'स्वत:' सारखा, तिथे एकेक विचारून. बिनधास्त कुठे आणि विचारून कुठे, हे ओळखण्यातच सगळं कसब आहे. माझ्याकडे हे चार-पाच हुकूम एका फाइलीत लिहून ठेवलेत. जॉइनरवाला र्‍ ऱ् करणे, 'अॅ' चा 'ॲ' करणे, वेलांटी, विसर्ग. अंकात येणारा प्रत्येक मजकूर आधी त्यातून जातो, मग माणसाच्या हाती.

पाचवी, मराठी टाइप करताना हुकमाच्या कळा मराठी होऊ देऊ नका. इन्स्क्रिप्ट चालू ठेवून व्हिममध्ये डी दाबलीत तर हलन्त जातं आणि व्हिम गोंधळतो. लोक इथेच कंटाळून सोडून देतात. संगणकाचा कीबोर्ड इंग्रजीच ठेवा आणि मराठी एडिटरच्या आतून लिहा. ईमॅक्समध्ये देवनागरी इन्स्क्रिप्ट आधीपासून आहे, कंट्रोल आणि उलटी तिरपी रेघ दाबली की चालू-बंद. व्हिममध्ये 'कीमॅप' नावाची सोय आहे. ती लिहिण्याच्या अवस्थेतच लागू होते, हुकूम इंग्रजीतच राहतात.

आयोजक उभे राहिले, म्हणजे संपलं. प्रश्नांना वेळ नाही म्हणतायत, पण मी बाहेर व्हरांड्यात थांबतो. ती हुकमांची फाइल या लॅपटॉपवर आहे. ज्यांना हवी त्यांनी पेनड्राइव्ह घेऊन या, आणि सोबत तुमच्याकडची सर्वात बिघडलेली मराठी फाइल आणा. तिथल्या तिथे बसून सोडवू.